मार्टिर : साक्षीदार ते हुतात्मा
युरोपीय भाषांत रूढ असलेला ‘मार्टिर’ हा शब्द ज्या ग्रीक ‘मार्तिस’पासून आला, त्याचा मूळ अर्थ साक्षीदार एवढाच होता, रोमन अधिकाऱ्यांपुढे श्रद्धेचा त्याग न करता मरण पत्करणाऱ्या ख्रिस्ती लोकांना तो पुढे लावला जाऊ लागला, आणि स्मिर्ना येथील बिशप पॉलिकार्प यांच्या मृत्यूचे वर्णन करणाऱ्या दुसऱ्या शतकातील पत्रात हा नवा अर्थ स्थिरावलेला दिसतो. इ. स. १७७ च्या सुमारास ल्यों येथे छळ सोसलेल्या बंदिवानांनी मात्र हे बिरुद नाकारून स्वतःला केवळ ‘कबुली देणारे’ म्हणवले. ‘मार्टिर’साठी मराठीत वापरला जाणारा ‘हुतात्मा’ (हुत म्हणजे अग्नीत अर्पिलेले) हा शब्द येथे काहीसा विसंगतच ठरतो, कारण रोमन देवतांना आहुती देण्याचे नाकारल्यामुळेच या ख्रिस्ती लोकांपैकी अनेकांवर मृत्यूची वेळ आली.