बेंजोचं घराणं

दिवाळीच्या सुट्टीत बल्लारपूरला मामूंचं जुनं घर रिकामं करायला गेलो होतो. माळ्यावर पितळी भांडी, उंदरांनी कुरतडलेल्या रजया आणि चादरीत गुंडाळलेली एक लांबट लाकडी पेटी निघाली. पेटीवर टाइपरायटरसारख्या बटणांच्या रांगा, खाली गंजलेल्या तारा, आणि एका टोकाला वायर जोडायचं भोक. मामेभाऊ म्हणाला, "भाईजान, भंगारवाला खाली उभाच आहे. हेही देऊन टाकू?"

मी पेटी घरी घेऊन आलो. तो मामूंचा बेंजो होता.

मामू पेपर मिलमध्ये नोकरीला होते आणि सुट्टीच्या रात्री एका कव्वाली पार्टीत बेंजो वाजवायचे. उर्स असला की दर्ग्यावर जायचे. ऑक्टोबरात चंद्रपूरला दीक्षाभूमीचा सोहळा असायचा, तेव्हा बौद्ध वस्त्यांमधल्या कार्यक्रमांची बोलावणी यायची. बाबासाहेबांनी १६ ऑक्टोबर १९५६ रोजी चंद्रपुरात दीक्षा दिली, तेव्हापासून हे दिवस आमच्या गावात सणाचे आहेत. भीमगीतं कव्वालीच्या ढंगात गायची रीत विदर्भात चांगलीच रुजली आहे. पेटी, ढोलक, टाळ्या आणि बेंजो हा संच दोन्हीकडे सारखाच. आज नात मांडायची, उद्या भीमगीत. मामूंना त्यात काही वेगळं वाटलं नाही. हजहून आल्यावर मात्र त्यांनी वाजवणं सोडलं आणि बेंजो चादरीत बांधून ठेवला. संगीत जायज की नाजायज, हा वाद मी इथे उकरून काढत नाही. मला प्रश्न पडला तो वेगळाच. हे वाद्य आलं कुठून?

आपल्याकडे सगळे त्याला बेंजो म्हणतात, पण खरा बँजो वेगळा. पश्चिम आफ्रिकेतून गुलाम म्हणून अमेरिकेत नेलेल्या माणसांनी भोपळ्यावर कातडं ताणून जे तंतुवाद्य बनवलं, त्यातून तो घडला. आपल्या बेंजोला कातडं नाही. आपला बेंजो जपानचा. नागोया शहरातल्या गोरो मोरिता या वादकाने १९१२ साली तो तयार केला. मोरिता परदेश फिरून आलेला होता, जपानी कोतो त्याला ठाऊक होता आणि टाइपरायटरही त्याने पाहिला होता. त्याने दोन्हींची सांगड घातली. बटण दाबलं की खालची धातूची पट्टी तारेवर टेकते आणि सूर ठरतो. उजव्या हातात नखी, डाव्या हाताची बोटं बटणांवर. त्याच वर्षी जपानात तैशो राजवट सुरू झाली, म्हणून वाद्याचं नाव पडलं तैशोगोतो. कोतो शिकायला वर्षं जातात. यावर सामान्य माणूस काही दिवसांत एखादी चाल काढू शकतो.

समुद्रमार्गे ते हिंदुस्थानात आलं आणि त्याचं नामकरण झालं बुलबुल तरंग. उर्दू आणि मराठी दोन्ही शिकवणारा मास्तर म्हणून या नावावर माझा फार जीव आहे. बुलबुल फारसीतून आलेला, तरंग संस्कृतातला. जपानी पेटीला नाव देताना या देशाने दोन्ही कपाटं उघडली. पुढे बलुचिस्तानात त्याचा आकार वाढला, तिथे ते 'बेंजू' म्हणून लोकसंगीतात मिसळून गेलं. आपल्याकडे कव्वालीने त्याला उचललं. कव्वालीत गायकाची ओळ संपते आणि टाळ्या सुरू राहतात, त्या मधल्या जागेत ठसठशीत, धारदार आवाज लागतो. तो बेंजोने दिला.

पण एक अडचण होती. लाकडी पेटीचा आवाज लहान. समोर हजार माणसं, दोन ढोलक आणि पंधरा हातांच्या टाळ्या असल्या की बुलबुल कुणाला ऐकू येणार? मायक्रोफोन जवळ नेला तर भोंगा शिट्टी मारायचा. इथे बेंजोची गोष्ट पार अमेरिकेतल्या दुसऱ्या एका वाद्याच्या गोष्टीला जाऊन भिडते.

तिथल्या बँडमध्ये खालचे, घोगरे सूर देण्याचं काम डबल बेस करायचा. माणसापेक्षा उंच, उभ्याने वाजवायचा, गाडीत मावायचा नाही, आणि पितळी वाद्यांच्या गजरात ऐकूही यायचा नाही. पॉल टटमार्क नावाच्या वादकाने १९३०च्या दशकात सिॲटलमध्ये विजेचा बेस बनवला, पण तो फारसा खपला नाही. खरा बदल घडवला लिओ फेंडर याने. हा कॅलिफोर्नियातल्या फुलर्टन गावातला रेडिओ दुरुस्त करणारा माणूस. त्याला स्वतःला गिटार वाजवता येत नव्हती. १९५१ साली त्याने बाजारात आणलेल्या बेस गिटारचं नाव होतं 'प्रिसिजन', म्हणजे अचूक. डबल बेसच्या मानेवर परदे नसतात, सूर अंदाजाने शोधावा लागतो. फेंडरने गिटारसारखे परदे बसवले. बोट परद्यामागे पडलं की सूर अचूक. मोरिताच्या बटणांचं कामही तेच. एकाने सूर पट्टीला बांधला, दुसऱ्याने परद्याला.

तार जितकी लांब, जाड आणि सैल, तितका सूर खालचा. बेसची सर्वांत खालची तार सेकंदाला जेमतेम ४१ वेळा हलते. त्यासाठी फेंडरने तारेची लांबी ३४ इंच ठेवली. डबल बेसपेक्षा बरीच कमी, गिटारपेक्षा बरीच जास्त. माणसाच्या गळ्यात अडकवता येईल एवढी.

आवाज मोठा करायची युक्ती दोन्हीकडे एकच. चुंबकाभोवती तांब्याच्या बारीक तारेचे हजारो वेढे द्यायचे आणि ते वेटोळं वाद्याच्या तारांखाली बसवायचं. वरची पोलादी तार थरथरली की चुंबकीय क्षेत्र हलतं आणि वेटोळ्यात वीज निर्माण होते. फॅरडेने १८३१ साली दाखवलेला नियमच तो, नववीदहावीच्या विज्ञानात आपण शिकतो. ती वीज अँप्लिफायरकडे पाठवली की झालं. याला पिकअप म्हणतात. पिकअपला हवेतला आवाज लागत नाही, तारेची हालचाल लागते, म्हणून शिट्टीचा त्रासही कमी.

मामूंच्या बेंजोला पिकअप बसवला तो आमच्याकडच्या एका रेडिओ दुरुस्त करणाऱ्या काकांनी. टेलिफोनच्या जुन्या रिसीव्हरमधलं वेटोळं काढून त्यांनी ते पेटीत बसवल्याचं मामू सांगायचे. पहिल्या दिवशी निम्म्या तारा मुक्याच राहिल्या. कारण त्या पितळेच्या होत्या, आणि पितळ चुंबकाला जुमानत नाही. मग सगळ्या तारा पोलादी लावल्या. पुढच्या उर्सात दुसरंच संकट. मांडवातल्या ट्यूबलाइट लागल्या की बेंजो घुंऽऽ करून घुमायचा. आपल्या घरची वीज सेकंदाला १०० वेळा दिशा बदलते. वेटोळं तारांबरोबर तिचीही चाहूल घेतं. काकांनी पेटीच्या आतून चहाच्या खोक्यातला चंदेरी कागद चिकटवला, त्याला अर्थिंग जोडलं, तेव्हा कुठे ती घरघर कमी झाली.

ही घरघर फेंडरच्याही मागे लागली होती. १९५७ साली त्याने प्रिसिजनच्या पिकअपचे दोन तुकडे केले. दोन तारांना एक, उरलेल्या दोन तारांना दुसरा. दोन्हींचे वेढे आणि चुंबकाची टोकं एकमेकांच्या उलट. तारांचा सूर जसाच्या तसा राहिला, पण बाहेरची घरघर दोन्हीकडून उलटसुलट येऊन एकमेकींना खाऊन टाकू लागली. ती रचना आजही जवळपास तशीच चालते. १९६० साली त्याने निमुळत्या मानेचा, दोन पिकअपांचा 'जॅझ बेस' काढला. जानेवारी १९६५ मध्ये त्याने आपली कंपनी सीबीएसला १ कोटी ३० लाख डॉलरला विकली. त्याआधी बनलेल्या वाद्यांना आज शौकीन लोक मागेल ती किंमत देतात. मानेच्या टोकावर पेन्सिलने लिहिलेली तारीख, नंबर, खुंट्यांचा आकार, सगळं भिंग लावून तपासतात.

इथे मी अडलो. फुलर्टनच्या मेकॅनिकने जे केलं त्याच जातीचं काम बल्लारपूरच्या मेकॅनिकने केलं. काकांनी काही नवा शोध लावला असं मी म्हणत नाही. पण ना कॅटलॉग, ना कारखाना, फक्त डोकं आणि भंगार, एवढ्यावर त्यांनी दोन्ही अडचणी सोडवल्या. मग एक वाद्य 'विंटेज' आणि दुसरं भंगार का?

आपल्याच राज्यात मिरज पाहा. तिथल्या शिकलगारांची मूळची हत्यारांना धार लावण्याची, घडवण्याची कारागिरी. एकोणिसाव्या शतकात फरीदसाहेब शिकलगार सतारी-तंबोऱ्यांकडे वळले आणि पुढच्या पिढ्यांनी ते काम चालवलं. मिरजेच्या सतारीला आणि तंबोऱ्याला २०२४ साली भौगोलिक मानांकन मिळालं. ते मिळालं कारण नावं टिकली होती. कोणी बनवलं, कुठल्या भोपळ्याचं, कोणासाठी, हे सांगणारी माणसं आणि दुकानं शाबूत होती. बेंजोचं तसं झालं नाही. तो दरबारात गेला नाही, घराण्यांनी त्याला हात लावला नाही. बटणांवर सूर ठरलेला, मींड काढता येत नाही, म्हणून शास्त्रीयवाल्यांनी नाक मुरडलं. धार्मिक मंडळींनी वेगळ्या कारणाने मुरडलं. मुंबईत गणपतीच्या मिरवणुकांपुढे बेंजो पार्ट्या वाजल्या, त्यावर रवी जाधव यांनी २०१६ साली 'बँजो' नावाचा सिनेमाही केला. पण कारागिरांची नावं कुठे लिहिली गेली? आमच्याकडे तर आता उर्सातही डीजेच्या भिंती उभ्या राहतात. त्या भिंतींतून छातीवर आदळणारा जो ठोका आहे, तो खालच्या सुरांचाच. पण तो वाजवणारं माणूस तिथे नसतं.

आमचे मुस्लिम वाचक नेहमी तक्रार करतात, की आमचा इतिहास कुणी लिहिला नाही. तक्रार खरी आहे. पण माळ्यावरची पेटी भंगारात द्यायला निघालेला हात आपलाच होता, हेही खरं आहे. इतिहास म्हणजे किल्ले आणि फर्मानंच, असं आपणही मानून बसलोय.

मामूंचा बेंजो मी पुसून घेतला. काही बटणांवर लाल नेलपॉलिशचे ठिपके आहेत. कुठल्या गायकाचा सा कुठे, त्याच्या त्या खुणा. त्यातले दोन ठिपके मामींनी ओळखले. एक ठिपका उर्सात गाणाऱ्या मुख्य कव्वालाचा, दुसरा भीमगीतं गाणाऱ्या एका बाईंचा. बाकीचे कुणाचे, सांगणारं कुणी उरलं नाही. रेडिओवाल्या काकांचं नावही मामींना आठवेना. "सब उनको रेडिओवाले ही बोलते थे," एवढंच त्या म्हणाल्या.

मी एका कागदावर उर्दूत आणि मराठीत लिहिलं: हा बेंजो कुणाचा, कुठे वाजला, त्यात काय काय बदल झाले, कोणत्या ठिपक्यांची ओळख पटली. जिथे काकांचं नाव यायला हवं होतं, तिथे रिकामी जागा सोडली. तो कागद पेटीच्या आत, चहाच्या खोक्यातल्या चंदेरी कागदाशेजारी चिकटवला. बल्लारपूरच्या कुणा वाचकाला ते नाव ठाऊक असेल, तर जरूर कळवा. जागा ठेवली आहे.