१० जून २००३ : नवा वीज कायदा अमलात

१९१०, १९४८ आणि १९९८ चे तीन जुने कायदे मोडीत काढून ‘विद्युत कायदा, २००३’ या दिवशी देशात लागू झाला. औष्णिक वीजनिर्मितीला परवान्याची अट उरली नाही. राज्य वीज मंडळांची पुनर्रचना ठरली. त्यानुसार ६ जून २००५ रोजी महाराष्ट्र राज्य विद्युत मंडळाचे विभाजन होऊन महानिर्मिती, महापारेषण आणि महावितरण या कंपन्या कामाला लागल्या.

सामान्य ग्राहकासाठी मोलाच्या तरतुदी मात्र वेगळ्याच आहेत. वीजदर ठरवण्याचा अधिकार नियामक आयोगाकडे आहे. महाराष्ट्रात असा आयोग १९९९ पासूनच काम करतो. दरवाढीचा प्रस्ताव जाहीर करून लोकांच्या सूचना-हरकती विचारात घेतल्याशिवाय आयोगाला निर्णय देता येत नाही. थकबाकीसाठी वीज तोडण्यापूर्वी किमान १५ दिवसांची लेखी नोटीस बंधनकारक आहे. गाऱ्हाण्यांसाठी तक्रार निवारण मंच आणि त्यावर विद्युत लोकपाल आहे.

वीजबिल दर महिन्याला घरोघरी येते, पण हे हक्क अनेक घरांना ठाऊकच नसतात. ते जाणून घेऊन वापरले, तरच या कायद्याचे सार्थक होईल.