अँग्रियाचे युद्ध : दोन लेखण्या आणि एक मुका पक्ष

जून १८२६मध्ये यॉर्कशरमधील हॉवर्थ गावचे धर्मोपदेशक पॅट्रिक ब्रॉन्टे लीड्सहून परतले, ते मुलासाठी लाकडी शिपायांची एक पेटी घेऊन. मुलगा ब्रॅनवेल तेव्हा नऊ वर्षांचाही नव्हता. बहिणींपैकी शार्लट दहा वर्षांची, एमिली सातांची, ॲन सहांची. प्रत्येकाने एकेक शिपाई उचलला. शार्लटने आपल्या शिपायाला ड्यूक ऑफ वेलिंग्टन म्हटले, तर ब्रॅनवेलने आपल्याला बोनापार्ट. वॉटर्लूची लढाई होऊन अकरा वर्षे झाली होती. पण त्या घरात ती पुन्हा सुरू झाली आणि पुढे तेरा वर्षे या ना त्या रूपाने चालू राहिली.

मुलांनी रणभूमी निवडली पश्चिम आफ्रिकेच्या गिनी किनाऱ्यावर. तेथे त्यांनी ‘ग्लास टाउन’, म्हणजे काचनगर, आणि त्याभोवती राज्यांचा एक महासंघ उभा केला. घरी येणारी वर्तमानपत्रे आणि ‘ब्लॅकवुड्स मॅगझिन’ हा त्यांचा दारूगोळा होता. १८२९पासून त्यांनी शिपायांच्या हातात मावतील अशी बोटभर उंचीची मासिके तयार केली. त्यांत जाहिराती होत्या, संसदेची भाषणे होती, ग्रंथपरीक्षणे होती. अक्षर इतके बारीक, की आज ते वाचायला भिंग लागते. या काल्पनिक राष्ट्राकडे सैन्याबरोबर छापखानाही होता, ही गोष्ट ध्यानात ठेवण्यासारखी आहे.

१८३४मध्ये या महासंघाच्या पूर्वेला अँग्रिया हे नवे राज्य जन्माला आले. त्याचा राजा झामोर्ना, कथेतल्या वेलिंग्टनचा थोरला मुलगा, ही शार्लटची निर्मिती. त्याचा मुख्य प्रधान नॉर्थअँगरलंड, पूर्वायुष्यात चाचेगिरी आणि बंडे केलेला, हा ब्रॅनवेलचा लाडका नायक. प्रधानाची मुलगी मेरी ही राजाची राणी. सासरा-जावयाचे हे सख्य टिकणारे नव्हतेच. अंतर्गत युद्ध पेटले, नॉर्थअँगरलंडने क्रांती केली आणि पराभूत झामोर्नाची रवानगी असेन्शन बेटावर झाली. नेपोलियनच्या सेंट हेलेनाची ही उघड नक्कल. फक्त हद्दपार झाला तो या खेपेला वेलिंग्टनचा मुलगा. बोनापार्ट निवडणाऱ्या भावाने वॉटर्लूची परतफेड केली, असे म्हणायला हरकत नाही.

हे युद्ध पेटले तेव्हा शार्लट घरी नव्हती. जुलै १८३५पासून ती रो हेड येथील शाळेत शिकवत होती. इकडे ब्रॅनवेल मोहिमांमागून मोहिमा लिहीत होता आणि ती तिकडे वह्या तपासता तपासता बातमीची वाट पाहत होती. भावाने आपल्या राणीला खरोखरच मारले की काय, ही चिंता तिने त्या काळच्या टिपणांत नोंदवली आहे. ब्रॅनवेलने मेरीला मारलेच होते. शार्लटने सवड मिळताच आपल्या कथेत तिला जिवंत केले. एका लेखणीने केलेला मृत्यू दुसऱ्या लेखणीने रद्द केला. झामोर्नाही परत आला, गादीवर बसला. दोन्ही पक्षांना आपापला इतिहासकार होता; त्यामुळे कोणताच पराभव अखेरचा ठरला नाही.

पण या युद्धात तिसराही एक पक्ष होता, आणि त्याच्याकडे लेखणी नव्हती.

तो पक्ष आशांटी लोकांचा. शार्लटच्या १८२९मधील कथेत बारा साहसी इंग्रज या किनाऱ्यावर उतरतात आणि लवकरच त्यांची स्थानिकांशी लढाई जुंपते. हे शत्रू मुलांच्या कल्पनेतले नव्हते. गोल्ड कोस्टचा इंग्रज गव्हर्नर चार्ल्स मॅकार्थी २१ जानेवारी १८२४ रोजी आशांटी सैन्याशी लढताना मारला गेला होता. कथेतल्या आशांटी राजाचे नावही त्या काळच्या इंग्रजी लिखाणातून घेतलेले आहे. तो राजा युद्धात पडतो. त्याचा अनाथ मुलगा क्वाशिया याला वेलिंग्टन आपल्या घरी वाढवतो. क्वाशिया मोठा होऊन बंड करतो. आपली भूमी परत मागणारा वारस म्हणून त्याच्याकडे पाहता आले असते. शार्लट आणि ब्रॅनवेल दोघेही त्याला कृतघ्न म्हणतात. अँग्रियाची राजधानी पडल्यावर शार्लट त्याला राणीच्या महालात, तिच्याच मंचकावर, दारूच्या नशेत लोळताना दाखवते. एरवी हाडवैरी असलेल्या या दोन इतिहासकारांचे क्वाशियाबाबत मात्र एकमत आहे.

मराठी वाचकाला येथे दोन खुणा ओळखीच्या वाटतील. पहिली वेलिंग्टनची. युरोपात कीर्ती मिळण्यापूर्वी तो जनरल आर्थर वेलस्ली होता. ऑगस्ट १८०३मध्ये त्याने अहमदनगरचा किल्ला घेतला. २३ सप्टेंबरला असईला शिंदे आणि नागपूरकर भोसले यांच्या फौजांचा पराभव केला. वर्ष सरण्यापूर्वी आडगाव आणि गाविलगडही जिंकला. हॉवर्थच्या मुलीने निवडलेला नायक घडला तो आपल्याकडच्या काळ्या मातीत. दुसरी खूण नावाची. कान्होजी आंग्रे आणि त्यांच्या वंशजांना इंग्रज ‘अँग्रिया’ म्हणत. १७५६मध्ये वॉटसन आणि क्लाइव्ह यांनी तुळाजी आंग्रे यांचा विजयदुर्ग घेतला; इंग्रजी कागदांत हे नाव चाच्याचे नाव म्हणून रुळले. केवळ नामसाम्यावरून वंशावळ रचू नये, हा संशोधनाचा पहिला धडा, आणि तो येथेही पाळला पाहिजे. पण साम्याने प्रश्न तर उभा राहतोच : सरखेल कान्होजींना चाचा कोणी ठरवले? ज्यांच्याकडे कागद होता, त्यांनी. क्वाशियाला कृतघ्न ठरवले तेही त्यांनीच.

१८३९च्या सुमारास शार्लटने एका छोट्या टिपणात अँग्रियाचा निरोप घेतला : या तापलेल्या प्रदेशातून आता थंड, करड्या मुलखाकडे जायचे. आठ वर्षांनी ‘जेन एअर’ प्रसिद्ध झाली. ब्रॅनवेलला तो निरोप जमला नाही. नॉर्थअँगरलंड हे नाव तो स्वतःच्या कवितांखालीही घालत राहिला आणि १८४८मध्ये एकतिसाव्या वर्षी गेला.

काल्पनिक युद्धात सारे काही हवे तसे रचता येते : नद्या, राजधान्या, सेनापती, मेलेल्या राण्यांचे पुनरुज्जीवन. चार हुशार मुलांना एवढे स्वातंत्र्य होते. तरीही कोणाला बाजू मांडू द्यायची आणि कोणाला नाही, हे त्यांनी स्वतः ठरवले नाही. ते वडिलांच्या वर्तमानपत्राबरोबर घरात आले होते. म्हणूनच खऱ्या युद्धांच्या अभ्यासकाने या खोट्या युद्धाची बोटभर कागदपत्रे भिंग लावून वाचावीत. त्यांत एका साम्राज्याच्या सवयी, अजून वयात न आलेल्या, स्पष्ट दिसतात.