सातबाऱ्यावरील नोंद आणि जमिनीची मालकी

गावाकडच्या वडिलोपार्जित शेतीचा वाद असो वा शहरालगत घेतलेल्या भूखंडाचा, नागरिक प्रथम तलाठी आणि तहसील कार्यालयाकडे धाव घेतात. सातबाऱ्यावर नाव लागले की जमीन आपली झाली आणि नाव कमी झाले की हक्क गेला, असा सार्वत्रिक समज आहे. कायद्याची भूमिका मात्र वेगळी आहे. सातबारा हा प्रामुख्याने महसुलाच्या प्रयोजनासाठी ठेवलेला अभिलेख असून, मालकीच्या वादाचा निर्णय करण्याचा अधिकार सर्वसाधारणपणे दिवाणी न्यायालयाचा आहे.

नोंद कशी होते?

महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, १९६६ च्या कलम १४९ नुसार वारसा, वाटणी, खरेदी आदी मार्गांनी हक्क मिळवणाऱ्याने तीन महिन्यांत तलाठ्यास (आताचे पदनाम ग्राम महसूल अधिकारी) तसे कळवावयाचे असते. त्यानंतर गाव नमुना ६, म्हणजे फेरफार नोंदवहीत नोंद होते. हितसंबंधितांना नोटीस दिली जाते. हरकत आल्यास प्रकरण विवादग्रस्त नोंदवहीत जाते व संक्षिप्त चौकशीनंतर निर्णय होतो. नोंद प्रमाणित झाल्यावर तिचा अंमल सातबाऱ्यावर दिला जातो.

ही चौकशी नोंदीपुरती असते. मृत्युपत्र खरे की बनावट, खरेदीखत फसवणुकीने झाले काय, बहिणीचा हिस्सा किती, या प्रश्नांचा अंतिम निवाडा तीत होऊ शकत नाही.

नोंदीचे मोल

म्हणून नोंद निरर्थक ठरत नाही. कलम १५७ नुसार हक्कनोंदणीतील प्रमाणित नोंद विरुद्ध सिद्ध होईपर्यंत खरी मानली जाते. मात्र हे गृहीतक खोडून काढता येते. फेरफार नोंदीने मालकी निर्माण होत नाही आणि संपुष्टातही येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९६ मध्ये स्पष्ट केले. २००७ मध्ये त्याचा पुनरुच्चार झाला. सप्टेंबर २०२१ मध्ये मध्य प्रदेशातील एका प्रकरणात, मृत्युपत्राच्या आधारे हक्क सांगणाऱ्याने तो सक्षम दिवाणी न्यायालयातून ठरवून घ्यावा, असे न्यायालयाने म्हटले.

कलम १५५ खालील दुरुस्तीचा अधिकारही असाच मर्यादित आहे. लेखनप्रमाद किंवा संबंधितांनी मान्य केलेली चूक यापुरता तो आहे. जुना फेरफार रद्द करून मालकी बदलण्यासाठी त्याचा वापर करता येत नाही.

महसूल यंत्रणेचे स्वतंत्र क्षेत्र

काही बाबी मात्र कायद्यानेच महसूल अधिकाऱ्यांकडे सोपवल्या आहेत. एखादी व्यक्ती कूळ आहे किंवा नाही, हे १९४८ च्या कूळ कायद्याखाली तहसीलदार ठरवतात व तेथे दिवाणी न्यायालयास अधिकारिता नाही. शेताचा वहिवाटीचा रस्ता अडवल्यास मामलतदार न्यायालय अधिनियम, १९०६ खाली सहा महिन्यांच्या आत दाद मागता येते.

मुदतीचा धोका

फेरफाराविरुद्ध उपविभागीय अधिकाऱ्यांकडे साठ दिवसांत अपील करता येते. पुढे जिल्हाधिकारी, विभागीय आयुक्त व शासन अशा पायऱ्या आहेत. त्या चढण्यात अनेक वर्षे जातात आणि अखेरीस ‘दिवाणी न्यायालयात दाद मागावी’ असा आदेश हाती पडतो. दरम्यान मुदत कायदा, १९६३ नुसार मालकी घोषित करून मागण्याच्या दाव्याची तीन वर्षांची मुदत उलटून गेलेली असू शकते. मालकीच्या आधारे ताबा मागण्याची मुदत बारा वर्षांची आहे. महसुली अपिलात गेलेला काळ त्यातून आपोआप वगळला जात नाही.

त्यामुळे वाद मूळ हक्काचा असल्यास नोंदीवर हरकत घेतानाच दिवाणी दाव्याचा विचार करणे श्रेयस्कर ठरते. विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियमाच्या कलम ३४ खाली मालकीची घोषणा मागता येते; ताबा नसल्यास तोही मागावा लागतो. न्यायालयाने हक्क निश्चित केल्यावर हुकूमनाम्यानुसार नोंद करणे महसूल अधिकाऱ्यांचे कर्तव्य ठरते.

जमीन खरेदी करणाऱ्यांनीही केवळ चालू सातबाऱ्यावर विसंबू नये. जुने फेरफार, मूळ दस्त, वारसांची नावे आणि प्रत्यक्ष ताबा यांची पडताळणी करून, प्रलंबित दाव्यांचीही चौकशी करणे आवश्यक आहे.