काठीची राजवाडी होळी : सोंगामागील व्रत

सातपुड्याच्या कुशीतील काठी (ता. अक्कलकुवा, जि. नंदुरबार) येथील राजवाडी होळी आदिवासींमध्ये मानाची समजली जाते. पूर्वीच्या काठी संस्थानाशी निगडित असलेल्या या होळीची परंपरा १२४६ पासूनची सांगितली जाते. उंच बांबूचा दांडा रोवला जातो, ढोल-बासरीच्या तालावर रात्रभर नृत्य चालते आणि पहाटे होळी पेटविली जाते.

या रात्रीचे आकर्षण म्हणजे बावा आणि बुध्या. अंगभर राखेची नक्षी, डोक्यावर मोरपिसांचा उंच टोप, कमरेला सुके भोपळे व घुंगरू असा त्यांचा थाट असतो. हा वेश हौसेखातर घेतला जात नाही. नवस फेडण्यासाठी तो घेणारा पुरुष काही दिवस 'पालनी' पाळतो. या काळात ब्रह्मचर्य पाळायचे, जमिनीवर झोपायचे, खाटेवर बसायचे नाही, पायांत वहाणा घालायच्या नाहीत, असे नियम असतात. संसारी माणसालाही पत्नीपासून दूर राहावे लागते. शृंगाराचा भासणारा हा साज प्रत्यक्षात संयमाची खूण आहे.

होळीपूर्वी धडगाव परिसरात भोंगऱ्या बाजार भरतात. गूळ, डाळ्या, हार-कंगण यांच्या खरेदीबरोबरच तरुण-तरुणींच्या भेटीगाठीही होतात. मात्र पुढे विवाह ठरतो तो वडीलधाऱ्यांच्या बैठकीत, वरपक्षाने द्यावयाचे 'देज' निश्चित करून. मध्य प्रदेशात हाच बाजार 'भगोरिया' म्हणून ओळखला जातो. त्याला 'प्रणयपर्व' अथवा पळून जाण्याचा उत्सव म्हणण्यास आदिवासी संघटनांनी वेळोवेळी आक्षेप घेतला आहे. अशा वर्णनामुळे मुलींकडे पाहण्याची बाहेरच्यांची दृष्टी दूषित होते, ही त्यामागील भावना आहे.

वेशावरून व्यक्तीविषयी गैरसमज करून घेण्याची प्रवृत्ती शहरी जगातही दिसते. चित्रकथा व चित्रपटांतील पात्रांचा वेश धारण करणाऱ्या 'कॉस्प्ले' हौशींना होणाऱ्या त्रासामुळे न्यूयॉर्कच्या कॉमिक कॉन मेळाव्यात २०१४ मध्ये 'वेश म्हणजे संमती नव्हे' अशा आशयाचे फलक लावावे लागले होते. काठीस जाणाऱ्या पाहुण्यांनीही हे भान ठेवावयास हवे. छायाचित्र घेण्यापूर्वी परवानगी मागावी, नाचणाऱ्या मुलींशी सलगी करू नये आणि पालनी पाळणाऱ्यास स्पर्श करू नये. त्याने अनेक दिवस जपलेले व्रत एका क्षणाच्या उत्साहात मोडू शकते.