छातीवरचा पट्टा

जिममधल्या ट्रेडमिलवर उभं राहिलं की समोरच्या पॅनेलवर एक छोटासा लाल बदाम दिसतो. पत्त्यांतला बदाम, खायचा नव्हे. त्याच्या शेजारी एक आकडा लुकलुकत असतो: ९८, ११२, १३४. हा तुमच्या हृदयाचा मिनिटाचा हिशेब. यंत्राच्या दांडीवर धातूच्या दोन पट्ट्या असतात, त्या घट्ट धरल्या की आकडा उमटतो; पण पळता पळता दांडी धरून ठेवणं कठीण, आणि हात हलला की आकडाही हलतो. म्हणून काही मंडळी बनियनच्या आत, छातीच्या खाली, एक लवचिक पट्टा बांधून येतात. ठाण्याच्या घोडबंदर रोडपासून डोंबिवलीच्या मानपाडा रोडपर्यंत आणि कल्याणच्या खडकपाड्यापर्यंत आता जिमची पाटी नाही असा चौक शोधावा लागतो, त्यामुळे हा पट्टाही आपल्याकडे रुळला आहे. पण तो आला कुठून, आणि तो जे सांगतो त्यावर कितपत विसंबायचं, हे सांगणारं कुणी भेटत नाही.

आकड्याच्या आधी बोटं होती. कल्याणला दूधनाक्याच्या बाजूला माझ्या लहानपणी एक हकीमसाहेब बसत. नब्ज बघताना ते डोळे मिटून घेत आणि रुग्णाला बोलू देत नसत. भिंतीवर घड्याळ होतं, पण त्याकडे ते पाहत नसत. ठोके किती, हा त्यांचा प्रश्नच नव्हता; ठोका कसा आहे, हा होता. त्यांचं शास्त्र इब्न सीनाच्या 'कानून'मधून आलेलं. हा थोर हकीम १०३७ साली वारला. त्याने नाडीची वर्णनं केली ती हरणासारखी उसळणारी, मुंगीसारखी चालणारी, उंदराच्या शेपटीसारखी निमुळती होत जाणारी. आपल्याकडे शार्ङ्गधराच्या संहितेतही तीच तऱ्हा: वाताची नाडी साप आणि जळूसारखी, पित्ताची कावळा आणि बेडकासारखी, कफाची हंस आणि कबुतरासारखी. हकीम आणि वैद्य एकमेकांना मानत असोत वा नसोत, दोघेही उपमेवर जगणारे लोक होते. मला त्यांच्याबद्दल आपुलकी वाटते ती त्यामुळेच.

मौलाना रूमींच्या मसनवीत सुरुवातीलाच एक गोष्ट येते. बादशहाची एक दासी झुरत चालली आहे आणि रोग कुणाला उमगत नाही. एक वैद्य येतो, तिचं मनगट धरतो आणि तिला नुसतं गावांविषयी विचारत राहतो. एकामागून एक गावं निघतात, नाडी शांत. समरकंदचं नाव येतं आणि नाडी उडी मारते. तिचं मन तिथल्या एका सोनारात गुंतलेलं असतं. अशीच एक हकिगत दुसऱ्या शतकातल्या गॅलेन या वैद्याने स्वतःच्या अनुभवातली म्हणून लिहून ठेवली आहे. हृदयाची गती शरीराबाहेरच्या गोष्टींनीही बदलते, हे माणसाला फार जुन्या काळापासून ठाऊक आहे. ट्रेडमिलवर असताना बॉसचा फोन आला की बदामाशेजारचा आकडा चढतो, तो याच घराण्यातला.

मोजणी सुरू झाली ती सतराव्या शतकात. इटलीतल्या सँक्टोरियस नावाच्या वैद्याने दोरीला गोळा बांधून लंबक केला. लंबक आणि नाडी एका लयीत येईपर्यंत दोरी लांब-आखूड करायची, आणि मग दोरीची लांबी हेच नाडीचं माप. पुढे १७०७ साली जॉन फ्लॉयर या इंग्रज डॉक्टराने खास नाडीसाठी बरोबर एक मिनिट चालणारं घड्याळ करवून घेतलं. 'मिनिटाला इतके' हा आपल्या तोंडी बसलेला हिशेब तिथून पुढचा. हरणं, मुंग्या, हंस हळूहळू बाहेर गेले.

यानंतर वीज आली. प्रत्येक ठोक्याच्या आधी हृदयातून विजेची एक अगदी क्षीण लाट जाते आणि ती त्वचेपर्यंत पोचते. लंडनच्या ऑगस्टस वॉलरने १८८७ साली माणसाच्या हृदयाची ही लाट प्रथम टिपली. प्रात्यक्षिकासाठी तो आपला जिमी नावाचा बुलडॉग आणायचा आणि त्याचे पाय मिठाच्या पाण्यात ठेवायचा. मीठ लागतं, कारण कोरडी त्वचा वीज नीट पुढे जाऊ देत नाही. या कुत्र्याचा छळ होतो का, असा प्रश्न १९०९ साली ब्रिटिश संसदेत विचारला गेला होता. आपल्याच लोकप्रतिनिधींना भलते प्रश्न पडतात असं समजायचं कारण नाही.

वॉलरच्या यंत्रातली रेघ ढोबळ होती. ती सुबक केली हॉलंडमधल्या लायडनच्या विलेम आइंटहोवेनने, विसाव्या शतकाच्या अगदी आरंभी. त्याच्या यंत्राचं वजन सुमारे पावणेतीनशे किलो, चालवायला पाच माणसं, आणि रुग्णाचे दोन्ही हात व एक पाय मिठाच्या पाण्याच्या भांड्यांत. यंत्र इस्पितळात नेणं शक्य नव्हतं आणि रुग्णाला यंत्राकडे आणणं धोक्याचं. मग त्याने १९०५ साली टेलिफोनच्या तारेतून दीड किलोमीटरवरच्या इस्पितळातून हृदयाची लाट आपल्या प्रयोगशाळेत आणली. माणूस एका जागी आणि त्याच्या हृदयाची खबर दुसऱ्या जागी, याची सुरुवात ही. १९२४ साली त्याला नोबेल मिळालं. पुढे अमेरिकेत नॉर्मन होल्टरने १९४०च्या दशकाच्या अखेरीस तारसुद्धा काढून टाकली आणि हृदयाची लाट रेडिओवरून पाठवली. पण त्यासाठी पाठीवर ३८ किलोंचं ओझं घ्यावं लागे. एवढं ओझं घेऊन कुणाचंही हृदय धडधडेल.

आजचा पट्टा जन्मला तो बर्फात. फिनलंडमधल्या औलू या गावी सेप्पो सैनायाकंगास नावाचे इलेक्ट्रॉनिक्सचे प्राध्यापक होते. १९७०च्या दशकाच्या मध्यात स्कीच्या वाटेवर त्यांना एक ओळखीचा प्रशिक्षक भेटला. पोरं बर्फावर पळत असताना त्यांचे ठोके मोजायचे कसे, ही त्याची तक्रार. थांबवून मनगट धरावं तर तेवढ्यात नाडी उतरते. प्राध्यापकांनी १९७७ साली औलूजवळच्या केंपेले इथे पोलार ही कंपनी काढली, आणि १९८२-८३च्या सुमारास छातीवर पट्टा व मनगटावर घड्याळ अशी बिनतारी जोडी बाजारात आली. २०१८ साली ते वारले.

यातली युक्ती साधी आहे. पट्ट्याच्या आतल्या बाजूला वीज वाहून नेणारे दोन तुकडे असतात. ते हृदयाची लाट पकडतात, आणि लाटेचं टोक आलं की पट्ट्यातली डबी पाच किलोहर्ट्झच्या आसपासचा एक चुंबकीय झटका सोडते. आकाशवाणीच्या मध्यम लहरी पाचशे किलोहर्ट्झच्याही वर असतात, यावरून हे प्रसारण किती खालच्या पट्टीतलं ते कळेल. पोच जेमतेम हातभर, फार तर मीटरभर. यात आकडा जात नाही, नुसता ठोका जातो. दोन ठोक्यांमधला वेळ मोजून आकडा काढायचं काम घड्याळाचं. ट्रेडमिल, सायकल, क्रॉसट्रेनर बनवणाऱ्यांनी तोच ठोका ऐकणारा कान आपल्या यंत्रांत बसवला, आणि बदाम पॅनेलवर आला.

पण कान ठोका ऐकतो, कुणाचा ते त्याला कळत नाही. डोंबिवलीतल्या एका जिममध्ये मी ताशी चार किलोमीटरने रमतगमत चालत होतो आणि माझ्या बदामापुढे एकदम १७२ आले. ट्रेनर धावत आला, "काका, थांबा, थांबा!" मला तर काहीच होत नव्हतं. शेजारच्या यंत्रावर कॉलेजातला एक मुलगा जीव तोडून पळत होता. पट्टा त्याच्या छातीवर होता, माझ्या नव्हताच. त्याचं हृदय माझ्या यंत्रावर वाजत होतं. शायर लोक शेकडो वर्षं असल्या गोष्टी कल्पनेने लिहीत आले आहेत. अभियंत्यांना मात्र हा दोष वाटला आणि त्यांनी पुढच्या पट्ट्यांना सांकेतिक खूण दिली. ब्लूटूथ आणि अँट-प्लस या नव्या पद्धतींत तर पट्टा आणि यंत्र यांची आधी जोडी लावावी लागते. गोची अशी की नुसता ब्लूटूथ बोलणारा पट्टा जुन्या ट्रेडमिलला ऐकूच येत नाही. पट्टा घेण्याआधी आपल्या जिममधलं यंत्र काय ऐकतं ते विचारलेलं बरं. काही पट्टे सगळ्या पद्धतींत बोलतात. मनगटी घड्याळं प्रकाश टाकून रक्ताची भरती-ओहोटी पाहतात; ती सोयीची खरी, पण वेग झपाट्याने बदलला की अजून पट्ट्याच्या मागेच राहतात.

आपल्याकडे जिमच्या आधी तालीम होती. तालीम हा अरबी शब्द, अर्थ शिक्षण. वस्ताद म्हणजे फारसीतला उस्ताद. कसरतही अरबीतूनच आली. लाल माती मराठी, अंगाला लागणारं तेल मराठी आणि हे शब्द तिथे इतके मुरलेले, की आजवर कुणी त्यांना तालमीबाहेर काढलेलं नाही. वस्तादाकडे बदाम असायचा तो फक्त थंडाईत. पोराचा दम किती उरला हे तो त्याच्या तोंडाकडे बघून ओळखायचा. विष्णू तळवलकरांनी १९३२ साली मुंबईत व्यायामशाळा काढली. तिचीच पुढे साखळी झाली, ती २०१० साली शेअर बाजारात गेली आणि २०१९ नंतर कर्जात बुडाली. मधल्या काळात यंत्रं आली. ट्रेडमिलचा एक पूर्वज इंग्लंडच्या तुरुंगातला आहे. १८१८ साली विल्यम क्युबिटने कैद्यांना राबवण्यासाठी तो केला. आज आपण पैसे भरून त्यावर चढतो.

आता त्या तक्त्याबद्दल. बहुतेक कार्डिओ यंत्रांवर किंवा शेजारच्या भिंतीवर वय आणि ठोके यांचा एक तक्ता असतो. त्याच्या मुळाशी एक सूत्र: २२० वजा वय. पन्नाशीच्या माणसाला कमाल १७०. हे सूत्र सॅम्युअल फॉक्स आणि विल्यम हॅस्केल या अमेरिकन डॉक्टर-संशोधकांचं, १९७०-७१चं. त्यासाठी त्यांनी स्वतंत्र प्रयोग केला नव्हता. आधीच्या दहाएक अभ्यासांतले बिंदू कागदावर मांडून त्यांतून एक सोपी रेघ काढली होती. ती कुणाच्या व्यायामाचा कायदा व्हावी असा हेतू नव्हता, असं हॅस्केल यांनीच नंतर सांगितलं. पण सोपी गोष्ट पसरते. २००१ साली तानाका आणि सहकाऱ्यांनी पुष्कळ मोठ्या माहितीवरून २०८ वजा वयाचे सात-दशांश, असं सूत्र दिलं. चाळिशीला दोन्हींचं उत्तर १८० येतं. सत्तरीला जुनं १५० म्हणतं आणि नवं १५९. शिवाय कुठलंही सूत्र घेतलं तरी खऱ्या माणसाची कमाल त्याहून दहा-बारा ठोके इकडे-तिकडे असणं अगदी सर्रास. पट्टा खरं बोलतो, तक्ता अंदाज सांगतो, आणि पॅनेलवर दोन्ही एकाच अक्षरात उमटतात.

रक्तदाबासाठी बीटा ब्लॉकर जातीची गोळी घेणाऱ्यांची तर आणखी पंचाईत. ती गोळी हृदयाला चढूच देत नाही. आमच्या वयाच्या कितीतरी लोकांच्या डब्यात ती असते. असा माणूस तक्त्यातला आकडा गाठायला वेग वाढवत राहतो, आकडा हलत नाही, आणि हृदय मात्र राबत असतं.

२९ ऑक्टोबर २०२१ला कन्नड अभिनेता पुनीत राजकुमार वयाच्या ४६व्या वर्षी व्यायामानंतर अस्वस्थ होऊन गेला. १० ऑगस्ट २०२२ला राजू श्रीवास्तव दिल्लीच्या जिममध्ये ट्रेडमिलवर कोसळले आणि २१ सप्टेंबरला वारले. त्यानंतर माझ्या ओळखीतल्या तिघांनी पट्टा विकत घेतला. आता काही झालं तर आधी कळेल, असं त्यांना वाटतं. कळणार नाही. पट्टा ठोके मोजतो. रक्तवाहिनीत गुठळी आहे की नाही हे त्या मोजणीत येत नाही. चिंचोळ्या झालेल्या वाहिनीचं हृदयही मिनिटाला १२० शिस्तीत वाजू शकतं. त्याचा माग काढायला डॉक्टरांसमोरची स्ट्रेस टेस्ट असते: छातीवर दहा ठिकाणी तारा, दर तीन मिनिटांनी वेग आणि चढ वाढवत नेणारी. ही रीत रॉबर्ट ब्रूस यांनी १९६३ साली बसवली. आणि तीही सगळं पकडते असं नाही. २००४ साली ५२ देशांतल्या माणसांवरचा इंटरहार्ट अभ्यास प्रसिद्ध झाला. त्यात दक्षिण आशियातल्या लोकांना पहिला झटका येण्याचं मधलं वय ५३ निघालं, इतरांचं ५८च्या पुढे. हजारो हृदयं हाताळलेले डॉ. नितू मांडके २००३च्या मे महिन्यात ५५व्या वर्षी हृदयविकाराच्या झटक्यानेच गेले.

मग पट्टा फेकून द्यायचा? मुळीच नाही. गेल्या महिन्यात जो वेग १३० ठोक्यांना जमत होता तो या महिन्यात १२२ला जमला, तर तब्येत सुधारली. ही तुलना आपली आपल्याशी असते, तिला तक्ता लागत नाही. जोडीला स्वतःच्या दमाची साक्ष घ्यावी. स्वीडनचे गुन्नार बोर्ग यांनी १९६०च्या दशकात श्रमाची एक मोजपट्टी बनवली, सहापासून वीसपर्यंत. आपल्याला किती कष्ट होताहेत ते माणसाने स्वतःच आकड्यात सांगायचं. सहा आणि वीसच का? तर त्या आकड्यावर एक शून्य दिलं की निरोगी तरुणाच्या ठोक्यांचा अंदाज येतो. बीटा ब्लॉकरवरच्या रुग्णांना डॉक्टर हीच मोजपट्टी वापरायला सांगतात. याहून सोपी रीत म्हणजे चालता चालता बोलून पाहणं. वाक्य पूर्ण होतंय पण गाणं म्हणता येत नाही, एवढा जोर बहुतेकांना पुरे. मी माझ्याच ओळी पुटपुटतो. ट्रेनरला वाटतं, काका कुणावर तरी चिडलेत.

बांधण्याआधी पट्ट्याची आतली बाजू पाण्याने ओली करायची, नाहीतर पहिली पाच मिनिटं आकडा वेड्यासारखा उड्या मारतो. नंतर आपल्या खाडीकाठच्या हवेत घाम लगेच सुटतो आणि आइंटहोवेनच्या भांड्यांचं काम तो करतो. व्यायाम झाला की पट्टा साध्या पाण्यातून काढायचा, कारण साठलेलं मीठ त्याला खातं. आणि पुढची डबी पट्ट्यापासून सोडवून ठेवायची. ओल्या पट्ट्याला ती लावलेली राहिली, तर आपण अजून कुणाच्या तरी छातीवर आहोत असं ती समजते आणि खुंटीवर टांगल्या टांगल्या ठोका शोधत राहते, बॅटरी संपेपर्यंत.