चौथाईची वाटणी आणि परिमेय संख्यांचे गुणधर्म : सातारा-सांगली परिसराच्या संदर्भात

प्रस्तावना :
परिमेय संख्यांचे क्रमनिरपेक्षता, साहचर्य, वितरण इत्यादी गुणधर्म महाविद्यालयात प्रवेश घेणाऱ्या विद्यार्थ्याला बहुधा पाठ असतात. ते खरे का आहेत, असे विचारल्यास मात्र तो निरुत्तर होतो. पूर्वीच्या पंतोजींच्या शाळेत पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी असे अपूर्णांकांचे पाढे घोकून घेतले जात. तेथेही हिशेब येत असे, कारण येत नसे. या कारणमीमांसेच्या अभावाचे मोल समाजाला द्यावे लागते, हे सातारच्या राज्यातील चौथाईच्या वाटणीवरून दाखविणे हा प्रस्तुत लेखाचा उद्देश आहे.

ऐतिहासिक पार्श्वभूमी :
१७१९ मध्ये पेशवे बाळाजी विश्वनाथ यांच्या प्रयत्नांनी छत्रपती शाहू महाराजांना दख्खनच्या सहा सुभ्यांच्या चौथाई व सरदेशमुखीच्या सनदा मिळाल्या. चौथाई म्हणजे महसुलाचा १/४ व सरदेशमुखी म्हणजे १/१० हिस्सा. सातारा दरबारातील इंग्रजांचा प्रतिनिधी जेम्स ग्रँट डफ याने १८२६ मध्ये प्रसिद्ध केलेल्या मराठ्यांच्या इतिहासात चौथाईची अंतर्गत वाटणी दिली आहे. चौथाईचा १/४ भाग ही राजाची ‘बाबती’ व उरलेला ३/४ भाग ‘मोकासा’. या मोकाशातून संपूर्ण चौथाईच्या ६/१०० इतका ‘साहोत्रा’ पंतसचिवांकडे जाई व ३/१०० इतका ‘नाडगौंडा’ छत्रपती आपल्या मर्जीने देत. शिल्लक ६६/१०० हा ‘ऐन मोकासा’ सरदारांकडे राही. पंतसचिवांचे घराणे म्हणजेच पुढील काळातील भोरचे संस्थानिक होत.

वाटणीचे गणित :
एकूण महसुलाशी तुलना करता बाबती १/४ × १/४ = १/१६, म्हणजे रुपयात एक आणा होते. साहोत्रा ६/४००, नाडगौंडा ३/४०० व ऐन मोकासा ६६/४००. बाबतीचे १/१६ म्हणजेच २५/४००. या चारींची बेरीज १००/४००, म्हणजे १/४ येते व हिशेब जुळतो.

मात्र साहोत्रा संपूर्ण चौथाईवर धरावयाचा की केवळ मोकाशावर, या प्रश्नाला व्यावहारिक महत्त्व होते. चौथाई एक लाख रुपये मानल्यास पहिल्या रीतीने साहोत्रा ६,००० रुपये, तर दुसऱ्या रीतीने ७५,००० रुपयांचे ६/१००, म्हणजे ४,५०० रुपये होतो. आधार बदलताच १,५०० रुपयांचा फरक पडतो. ज्याला अपूर्णांकाचा आधार तपासता येत नाही, त्याला लेखणी हाती असणाऱ्यावर विसंबावे लागते. या गुंतागुंतीमुळे मराठा सरदार आपल्या ब्राह्मण हिशेबनिसांवर अवलंबून राहिले, असे निरीक्षण ग्रँट डफनेही नोंदविले आहे.

सिद्धता :
वरील हिशेब जुळला, हा योगायोग नव्हे. अ/ब = प/फ याचा अर्थ अफ = बप, ही व्याख्या स्वीकारावी (छेद शून्येतर). साहोत्रा ६/१०० लिहिला काय किंवा ३/५० लिहिला काय, बेरीज बदलता कामा नये. अ/ब + क/ड = (अड + बक)/बड आणि प/फ + क/ड = (पड + फक)/फड. तिरकस गुणाकार करता एका बाजूस अफ·डड + बफ·कड व दुसऱ्या बाजूस बप·डड + बफ·कड येते. अफ = बप असल्यामुळे दोन्ही समान आहेत.

वितरण गुणधर्मही असाच सिद्ध होतो. अ/ब × (क/ड + ग/घ) = (अकघ + अडग)/बडघ. उलटपक्षी अक/बड + अग/बघ = (अक·बघ + बड·अग)/(बड·बघ). येथे अंश व छेद या दोहोंतील सामाईक अवयव ब काढून टाकल्यास तेच उत्तर मिळते. चौथाई आधी वाटून मग महसुलाशी ताडली, अथवा प्रत्येक हिस्सा स्वतंत्रपणे महसुलावर काढून मग बेरीज केली, तरी उत्तर एकच येते ते या गुणधर्मामुळे. येथे पूर्णांकांच्या गुणधर्मांखेरीज दुसरे काहीही गृहीत धरलेले नाही, हे लक्षात घेणे आवश्यक आहे.

समारोप :
ज्यांचे मूळ गाव सातारा जिल्ह्यातील कटगुण, त्या महात्मा जोतीराव फुले यांनी १८८२ मध्ये हंटर आयोगापुढे प्राथमिक शिक्षणाचा आग्रह धरला. शेतकऱ्याच्या अज्ञानाचा लाभ लेखनिक वर्ग कसा उठवितो, हे त्यांनी ‘शेतकऱ्याचा असूड’मध्ये दाखविले. १९१९ मध्ये कराडजवळील काले येथे कर्मवीर भाऊराव पाटील यांनी रयत शिक्षण संस्था स्थापन केली, तर त्याच वर्षी सांगलीत विलिंग्डन महाविद्यालय सुरू झाले. हिशेब तपासण्याचे सामर्थ्य मूठभरांच्या हातून बहुजनांकडे नेण्याची वाट अशा संस्थांमुळे खुली झाली. तथापि नियम पाठ करून घेणे म्हणजे शिक्षण पूर्ण होणे नव्हे. पाठ केलेला नियम सांगणाऱ्याच्या अधिकारावर उभा असतो, तर सिद्धता कोणालाही स्वतः तपासता येते. म्हणून पदवीच्या प्रथम वर्षात परिमेय संख्यांचे गुणधर्म केवळ यादीरूपाने न देता अपूर्णांकांच्या अंकगणितातून सिद्ध करून घ्यावेत आणि त्यासाठी आपल्याच परिसरातील महसुली वाटणीची उदाहरणे वापरावीत, असे प्रस्तुत लेखकास वाटते.